जुने विज्ञानपट : नेटवर आहेत म्हणजे जपले गेले का?

चांद्रसफर

नमस्कार मंडळी,

डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने त्यांचे मूकपट स्कॅन करून फुकट पाहायला ठेवले आहेत. तिथे ‘हिमेलस्किबेट’ पाहिला आणि अजून डोक्यातून जात नाहीये. १९१८ चा सिनेमा, दिग्दर्शक होल्गर-माड्सेन. पहिलं महायुद्ध चालू असताना तटस्थ डेन्मार्कमध्ये काढलेली मंगळस्वारी! मंगळावरची माणसं पांढऱ्या झग्यांत, फळं खाऊन राहणारी, हत्या म्हणजे काय हे विसरलेली. पृथ्वीवरचे पाहुणे मांस मागतात, बंदूक काढून पक्षी पाडतात, आणि त्यानंतर त्या मंगळवासीयांची जी अवस्था होते ती बघाच. शंभर वर्षांपूर्वीची फिल्म, पण झग्याची चुणी न् चुणी दिसते.

मग आपल्याकडचं शोधायला घेतलं. ‘चाँद पर चढाई’ (१९६७, दारासिंग थेट चंद्रावर) यूट्यूबवर मिळाला, पण व्हीसीडीवरून चढवलेला. कोपऱ्यात शिक्का, अंधाराच्या प्रसंगात नुसते चौकोन. आवाज मध्येच घोगरा होतो. दिग्दर्शक एन. ए. अन्सारींचा ‘वहाँ के लोग’ (१९६७) त्याहून वाईट.

माझं मत असं, की जे सगळ्यांसाठी खुलं असतं तेच टिकतं. तळघरात कुलूपबंद असलेलं रीळ असून नसल्यासारखंच. तर दोन प्रश्न. जुने विज्ञानपट चांगल्या प्रतीत आणि कायदेशीररीत्या कुठे कुठे बघता येतात? आणि आपल्या विज्ञानपटांचं असं खुलं दालन का नाही?

मुक्ता_नाशिक

मस्त धागा! वाचनखूण साठवली आहे.

मंगळावर फळाहार म्हणजे आमच्या आजीची कायमची सोय झाली असती. आज रात्रीच बघते.

अवकाशवेडा

रशियन विसरू नका. मॉसफिल्म या मॉस्कोच्या स्टुडिओने २०११ पासून आपले सिनेमे यूट्यूबवर मोफत टाकायला सुरुवात केली. तारकोव्हस्कीचे ‘सोलारिस’ (१९७२) आणि ‘स्टॉकर’ (१९७९) मी तिथेच पाहिले. कॉलेजात असताना हेच सिनेमे बघायला फिल्म सोसायटीचं सभासद व्हावं लागायचं आणि प्रिंट येईल तेव्हा येईल.

डबा_नंबर_सात

चांद्रसफर, विषय काढलात ते फार बरं केलंत, पण तुमच्या मताशी मी सहमत नाही. नोकरीची बरीच वर्षं मुंबईतल्या एका फिल्म लॅबमध्ये गेली, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तुम्ही नेटवर बघता ती बघण्याची प्रत. जतन होतं ते मूळ निगेटिव्हचं, ते नसेल तर त्यातल्या त्यात जुन्या प्रिंटचं. डेन्मार्कचं चित्र स्वच्छ दिसतं कारण त्यांनी रिळं सांभाळली आणि मग रिळावरून स्कॅन केलं. आपल्याकडचं चित्र खराब आहे ते व्हीसीडीवरून केलं म्हणून. व्हीसीडीत जे मुळात उतरलंच नाही ते कुठलंही संकेतस्थळ परत आणणार नाही.

आता रिळाचं काय होतं ते सांगतो. १९५०-५१ पर्यंतच्या बऱ्याचशा फिल्म्स नायट्रेटवरच्या. नायट्रेट पेटलं की स्वतःचा ऑक्सिजन स्वतःच तयार करतं, पाण्याने विझत नाही. २००३ च्या जानेवारीत पुण्यात एफटीआयआय या सिनेमा शिकवणाऱ्या संस्थेच्या, म्हणजे जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातल्या कोठाराला आग लागली आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेट रिळं गेली. साठच्या दशकातले सगळे विज्ञानपट मात्र ‘सेफ्टी’ म्हणजे ॲसिटेट फिल्मवर. ती सहज पेटत नाही, ती आंबते. दमट हवेत ॲसिटेटमधून ॲसेटिक आम्ल सुटतं. डबा उघडला की आधी व्हिनेगरचा वास नाकात जातो, मग दिसतं की फिल्म आक्रसली आहे, कडा लाटेसारख्या वर-खाली झाल्यात, पर्फोरेशन, म्हणजे कडेची भोकं, यंत्राच्या दात्यांवर बसत नाहीत. वर पांढरी भुकटी किंवा सुईसारखे स्फटिक. अशी फिल्म प्रोजेक्टरवर चढवायची नाही, चढवली की फाटलीच. आणि एक डबा आंबला की शेजारचेही आंबायला लागतात, म्हणून तो आधी बाजूला काढायचा.

हे सगळं मुंबईच्या हवेत, पत्र्याच्या गंजक्या डब्यात, निर्मात्याच्या गोदामात चालू आहे. कुणी त्यातल्या चांदीसाठी रिळं भंगारात विकली, कुणाच्या वारसांना डब्यात काय आहे हेच ठाऊक नाही. तेव्हा आधी रीळ शोधा. दालन नंतर.

विश्वामित्र_पवार

डबा_नंबर_सात, जबरदस्त प्रतिसाद. तुमच्या मुद्द्याला ‘मेट्रोपोलिस’ची जोड देतो, कारण रीळ कुठे आणि कसं सापडेल याला नेम नाही.

फ्रिट्झ लांगचा ‘मेट्रोपोलिस’ जानेवारी १९२७ मध्ये बर्लिनला लागला तेव्हा ४१८९ मीटर लांब होता. काही महिन्यांत कापाकापी होऊन जवळजवळ पाव भाग गेला आणि ऐंशी वर्षं जगाने तो तसाच तुटका पाहिला. मूळ कापण्याआधीची एक प्रिंट मात्र १९२८ च्या सुमारास एका वितरकाने अर्जेंटिनात नेली होती. ती पुढे एका समीक्षकाच्या खासगी संग्रहात गेली आणि तिथून सरकारी संग्रहात. नायट्रेट धोक्याचं म्हणून तिची १६ मिमी, म्हणजे अरुंद फिल्मवरची, प्रत काढली आणि मूळ गेलं.

फर्नांदो पेन्या नावाच्या अभ्यासकाला तिथल्या एका फिल्म क्लबच्या चालकाने जुनी तक्रार सांगितली होती. हा सिनेमा दाखवताना फिल्म उडत होती, म्हणून प्रोजेक्टरवर अडीच तास बोट दाबून उभं राहावं लागलं. पेन्याने नेमकं हेरलं : अडीच तास? बाजारातली प्रत तर इतकी लांब नाही! शेवटी २००८ मध्ये ब्वेनोस आयरेसच्या चित्रपट संग्रहालयात ते डबे उघडले. सुमारे २५ मिनिटांचा हरवलेला भाग त्यात होता. फेब्रुवारी २०१० मध्ये बर्लिन महोत्सवात सुधारलेली प्रत दाखवली गेली.

त्या प्रतीत हे सापडलेले प्रसंग लगेच ओळखू येतात, कारण चित्रावर उभ्या रेघांचा पाऊस आहे. १६ मिमी करताना मूळ प्रिंट धुतली नव्हती, त्यामुळे तिच्यावरचे ओरखडे प्रतीत छापले गेले. ते आता काढता येत नाहीत. ‘मेट्रोपोलिस’ २००१ मध्येच युनेस्कोच्या ‘मेमरी ऑफ द वर्ल्ड’ यादीत गेला होता, त्या यादीतला पहिला सिनेमा, आणि तरी त्याचा हा तुकडा एका १६ मिमीच्या डब्यामुळे वाचला.

मुक्ता_नाशिक

अडीच तास बोट दाबून! त्या माणसाला जागतिक वारसा घोषित करा.

तबकडीकर

मी डेटा सेंटरमध्ये काम करतो, म्हणून दुसरी बाजू.

डबा_नंबर_सात काका म्हणतात रीळ आधी, मान्य. पण स्कॅन केलं की काम संपलं असंही नाही. ३५ मिमीची एक चौकट ४के मध्ये, दहा बिटांत, काहीही न दाबता ठेवली तर साधारण ५० एमबी. सेकंदाला २४ चौकटी. दोन तासांच्या सिनेमाचे होतात जवळजवळ नऊ टेराबाइट, आणि त्याच्या किमान तीन प्रती वेगवेगळ्या ठिकाणी हव्यात. ऑस्कर देणाऱ्या अकादमीने २००७ मध्ये हिशेब मांडला होता : सिनेमाची फिल्मवरची मूळ प्रत सांभाळायला वर्षाला १०५९ डॉलर, आणि ४के डिजिटल प्रत सांभाळायला १२५१४ डॉलर. आता साठवण स्वस्त झाली आहे, पण खर्च दरवर्षी येत राहतो हे बदललेलं नाही.

का येत राहतो? कारण टेपही म्हाताऱ्या होतात. अशा प्रती ठेवतात त्या एलटीओ नावाच्या डेटा-टेपवर, आणि एलटीओ-८ च्या यंत्रात एलटीओ-६ ची टेप वाचता येत नाही. एलटीओ-६ आली २०१२ ला आणि ८ आली २०१७ ला! म्हणजे दर काही वर्षांनी सगळा माल नव्या टेपवर हलवायचा, आणि हलवताना प्रत्येक फायलीचा चेकसम (फायलीतल्या मजकुरावरून काढलेला पडताळणीचा आकडा) जुळवून बघायचा. एक बिट इकडचा तिकडे झाला तरी कळलं पाहिजे. रीळ थंड कोरड्या खोलीत ठेवून पन्नास वर्षं विसरलात तरी बहुतेक वेळा काहीतरी हाती लागतं. हार्ड डिस्क पंधरा वर्षं कपाटात विसरून दाखवा.

आणि ही काळजी जुन्यांपेक्षा नव्यांची जास्त आहे. आपल्याकडे ‘फुंतरू’सारखा विज्ञानपट मराठीत आला २०१६ ला. या काळातले सिनेमे डिजिटल. निगेटिव्ह नावाची वस्तूच नाही. थिएटरात गेलेली प्रत कुलूपबंद, तिची किल्ली ठरावीक तारखांपुरती. मूळ फायली कुठे आहेत, किती प्रतींत आहेत, हे छोट्या मराठी निर्मात्यांना कुणीतरी आत्ताच विचारायला हवं. २०५० मध्ये डबाही सापडणार नाही.

सुलेखा_दे

+१ तबकडीकर. हा मुद्दा मी कधी विचारातच घेतला नव्हता.

बंडू_बटाटा

एवढं सगळं खरं असलं तरी चांद्रसफर यांचा मूळ मुद्दा उडवून लावू नका. साताऱ्यात बसलेल्या पोराने बघायचं कुठे? संग्रहालयाच्या कोठारात त्याला कोण घेणार आहे? मी अर्धं चित्रपटशिक्षण इंटरनेट आर्काइव्ह या मोफत संग्रहाच्या साइटवर घेतलंय. ‘द लास्ट मॅन ऑन अर्थ’ (१९६४), ‘टीनेजर्स फ्रॉम आउटर स्पेस’ (१९५९) असे कितीतरी तिथे पडलेत. लोक बघतात म्हणून लोकांना त्यांची किंमत कळते, आणि किंमत कळली की कुणीतरी पैसे घालून नीट स्कॅन करतं. मागणीशिवाय जतन होत नाही.

तबकडीकर

बंडूराव, पटलं. फक्त एकाच टोपलीत सगळी अंडी नकोत. ऑक्टोबर २०२४ मध्ये इंटरनेट आर्काइव्हवर हल्ला झाला, तीन कोटींहून जास्त खात्यांची माहिती चोरीला गेली आणि साइट बरेच दिवस बंद होती. फिल्म्स शाबूत राहिल्या. पण तेवढ्या दिवसांत जगाला दुसरं दार नव्हतं, हे लक्षात राहिलं पाहिजे.

अॅड_शेवंता

कायद्याचं लिहिते, कारण ‘कायदेशीररीत्या’ हा शब्द धाग्यात आहे.

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात सिनेमाचा हक्क प्रदर्शित झालेल्या वर्षाच्या पुढल्या १ जानेवारीपासून ६० वर्षं. आधी ५० होती, १९९२ मध्ये ६० झाली. म्हणजे १९६३ चा तमिळ ‘कलै अरसी’, ज्यात परग्रहावरचे लोक गाणं शिकवायला एका गायिकेला पळवून नेतात आणि नायक एमजीआर आहेत, तो सिनेमा म्हणून १ जानेवारी २०२४ पासून भारतात खुला झाला. १९६७ चे ‘चाँद पर चढाई’ आणि ‘वहाँ के लोग’ १ जानेवारी २०२८ ला खुले होतील. मात्र गाण्यांचे शब्द आणि चाल यांचे हक्क वेगळे, ते कवी-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतात. हिंदी सिनेमातून गाणी वगळून दालन उघडणार का, हा खरा पेच.

अजून एक. पुस्तक छापलं की त्याची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयात पाठवायचं बंधन १९५४ च्या कायद्याने आहे. सिनेमाला तसं बंधन नाही. निर्मात्याने प्रिंट संग्रहालयाला दिली तर दिली. फ्रान्समध्ये सिनेमाची प्रत जमा करणं सक्तीचं आहे. चांद्रसफर यांच्या दुसऱ्या प्रश्नाचं निम्मं उत्तर इथे आहे असं मला वाटतं.

अवकाशवेडा

शेवंताताई, सुंदर माहिती. मग ‘चाँद पर चढाई’ची चांगली प्रिंट आत्तापासून शोधायला पाहिजे. २०२८ ला हक्क सुटेल आणि हातात व्हीसीडीच असेल, असं व्हायला नको.

कडक_कॉफी

थोडा वेगळा मुद्दा. जतन करायची ती नेमकी कुठली आवृत्ती?

‘स्टार वॉर्स’ (१९७७) घ्या. १९९७ मध्ये दिग्दर्शक जॉर्ज लुकासने संगणकाचे प्रसंग घालून तो बदलला, नंतरही बदलत राहिला, आणि मूळ १९७७ ची आवृत्ती चांगल्या प्रतीत विकायची बंदच केली. हाच माणूस १९८८ मध्ये अमेरिकन काँग्रेससमोर जुन्या सिनेमात फेरफार करण्याविरुद्ध साक्ष देऊन आला होता. मग चाहत्यांनी जुन्या टेक्निकलर प्रिंट मिळवून स्वतः स्कॅन केल्या, एकेक चौकट साफ केली आणि ‘४के७७’ नावाने आपसात वाटली. कायद्याने चूक. पण मध्ये इतकी वर्षं १९७७ चा सिनेमा जिवंत कुणी ठेवला? त्यांनीच. आता २०२७ मध्ये कंपनी स्वतः मूळ आवृत्ती पुन्हा थिएटरात आणते आहे. २०२५ च्या जूनमध्ये लंडनला बीएफआयने (ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने) मूळ प्रिंट दाखवली तेव्हा तिकिटांसाठी काय झुंबड होती!

त्या चाहत्यांचा मी कायमचा ऋणी आहे.

अॅड_शेवंता

ऋणी असा, पण इथे दुवे देऊ नका, संपादक धागा उडवतील. :)

सुलेखा_दे

आवृत्तीचा विषय निघालाच आहे तर एआयचंही बोलू. यूट्यूबवर फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसच्या ‘चंद्रावरची सफर’ची (१९०२) सेकंदाला साठ चौकटींची, गुळगुळीत केलेली, संगणकाने रंगवलेली प्रत फिरते आहे. खाली लोक ‘काय जतन केलंय’ म्हणून टाळ्या वाजवतात. मला ते बघवत नाही. चेहऱ्यावरचे हावभाव संगणक स्वतः बनवतो आहे, जे कॅमेऱ्यासमोर कधी घडलेच नाहीत.

या सिनेमाचे खरे रंग अस्तित्वात आहेत! त्या काळी पॅरिसच्या कार्यशाळेत बायका एकेक चौकट हाताने रंगवायच्या. मेलिएसने १९२३ मध्ये वैतागून स्वतःच्या निगेटिव्ह जाळल्या, पण एक रंगीत प्रत १९९३ मध्ये बार्सिलोनाच्या संग्रहात आली. रीळ घट्ट चिकटून दगड झालं होतं. पॅरिसच्या लॉबस्टर फिल्म्सने १९९९ मध्ये ते घेतलं, रसायनाच्या वाफेवर सैल करत एकेक पापुद्रा सोडवला, प्रत्येक तुकड्याचा फोटो काढला. १३३७५ चौकटी. जुळवायचं तंत्र हाती यायला २०१० उजाडलं, आणि २०११ मध्ये कान महोत्सवात तो रंगीत दाखवला. जिथे चौकट नव्हती तिथे काळ्यापांढऱ्या प्रतीतून घेऊन रंगवली, पण आधार शेजारच्या खऱ्या चौकटीचा. झेंडा लाल-पिवळा, रंग रेघेबाहेर गेलेला. तो रेघेबाहेर गेलेला रंग मला हवा आहे.

बंडू_बटाटा

सुलेखाताई, पण माझ्या मुलाने ती गुळगुळीत प्रत बघितली म्हणून त्याला मेलिएस कळला. मग मी त्याला खरी दाखवली. दोन्ही राहू देत, फक्त वर ठळक लिहा की ही बनवलेली आहे.

सुलेखा_दे

लिहिलं तर माझी काहीच तक्रार नाही. लिहीत नाहीत हाच त्रास आहे. पुढे कुणी ती प्रत उतरवून घेईल आणि शिकवताना मूळ म्हणून दाखवेल.

पावसाळी_ढग

सिनेमा नाही, पण जवळचा विषय म्हणून विचारते. दूरदर्शनवर १९८९ च्या सुमारास ‘इंद्रधनुष’ आणि ‘स्पेस सिटी सिग्मा’ लागायचे, पुढे १९९८ ला ‘कॅप्टन व्योम’. माझे बाबा हे सगळं व्हीसीआरवर उतरवून ठेवायचे. रत्नागिरीच्या घरी माळ्यावर ट्रंक भरून व्हीएचएस आहेत, कॅसेटवर बाबांच्या अक्षरात भागांची नावं. परवा एक उघडून पाहिली तर टेपच्या कडेला पांढरे ठिपके, भाकरीवर बुरशी येते तसे. याचं काही होऊ शकतं का? की टाकून द्यायच्या?

डबा_नंबर_सात

ताई, अजिबात टाकू नका! दूरदर्शनच्या जुन्या मालिकांचे कितीतरी भाग आज कुठे बघायला मिळत नाहीत. जगभर हेच झालंय, प्रक्षेपकांनी टेप पुसून पुन्हा वापरल्या आणि मालिका परत मिळाल्या त्या घरोघरच्या रेकॉर्डिंगमधून. तुमच्या ट्रंकेत काय आहे ते बघितल्याशिवाय कळणार नाही. मधल्या जाहिराती आणि निवेदिकासुद्धा ठेवा, कापू नका.

तबकडीकर

आणि उतरवताना दुकानदार एमपी४ करून पेन ड्राइव्ह हातात ठेवतो ते चालणार नाही. व्हीएचएसचं चित्र सेकंदाला ५० अर्ध्या चौकटींचं असतं. स्वस्त यूएसबी काडी त्या मिसळून टाकते आणि हालचाल कायमची बिघडते. मध्ये टाइम बेस करेक्टर (टेपचं थरथरणारं चित्र स्थिर करणारं यंत्र) लावायचा, आणि काहीही न गाळता एफएफव्ही१ या व्हिडिओ साठवायच्या पद्धतीत साठवायचं. ते खुलं तंत्र आहे, कुठल्याही कंपनीचं नाही, म्हणून जगातले बरेच संग्रह ते वापरतात. बघायला नंतर छोटी प्रत काढा. माझ्याकडे चांगला व्हीसीआर आणि करेक्टर दोन्ही आहेत, पुण्यात. पैसे नकोत.

पावसाळी_ढग

तबकडीकर, किती आभार मानू! बाबांना आत्ताच सांगते. गणपतीत गावी जाणार आहे, तेव्हा ट्रंक खाली काढते.

चांद्रसफर

सगळ्यांचे प्रतिसाद सावकाश वाचले. डबा_नंबर_सात यांचा ‘आधी रीळ’ आणि बंडूरावांचा ‘आधी मागणी’, दोन्हींवर एकाच वेळी काम करता येईल असं वाटतं. मी एक यादी करायला घेतो : १९५० ते २००० मधले भारतीय विज्ञानपट आणि मालिका. प्रत्येकापुढे वर्ष, भाषा, निर्माता, हक्क कधी सुटतो, आणि कुणाकडे काय आहे. प्रिंट, गाण्यांची पुस्तिका, पोस्टर, फोटो, घरचं रेकॉर्डिंग, काहीही. शेवंताताई, हक्काचा रकाना तुम्ही तपासाल का?

पहिल्या प्रश्नासाठी आतापर्यंत जमलेलं : डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूट, मॉसफिल्मची वाहिनी, इंटरनेट आर्काइव्ह. आणखी भर घाला.

अॅड_शेवंता

तपासते.

विश्वामित्र_पवार

यादीची कल्पना उत्तम. ती पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आणि मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनला पाठवू. पुण्याचं संग्रहालय १९६४ पासून आहे, पी. के. नायरांनी उभं केलेलं, आता २०२२ पासून एनएफडीसीच्या (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या) छत्राखाली. नायर स्वतः गावोगाव फिरून, निर्मात्यांच्या घरी जाऊन डबे मागून आणायचे. तिथे पोस्टर आणि गाण्यांच्या पुस्तिकाही घेतात. आमच्या भागात तंबू टॉकीज चालवणारी जुनी कुटुंबं आहेत, जत्रेत दारासिंगचे सिनेमे हमखास लागायचे. त्यांच्याकडे डबे उरलेत का, हे मी दिवाळीआधी विचारून येतो.

डबा_नंबर_सात

पवारसाहेब, डबा मिळाला तर जागेवर उघडून फिल्म ओढू नका. झाकणावरचं लेबल आणि आतल्या फिल्मच्या कडेवरची अक्षरं, एवढ्याचे फोटो काढून मला पाठवा. कडेवरच्या खुणांवरून फिल्म कुठल्या वर्षी बनली ते कळतं. वास आला तर तेही लिहा.

आणि पावसाळी_ढग ताई, कॅसेट आणताना डब्यात उभ्या रचा, आडव्या नकोत. सोबत सिलिका जेलच्या पुड्या ठेवा. ‘चालते का बघू’ म्हणून घरच्या व्हीसीआरमध्ये एकही घालू नका, बुरशी हेडला, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागाला, लागते आणि पुढच्या प्रत्येक कॅसेटला तीच लागते. पुण्याला तबकडीकरांकडे मीही येईन, साफ करायला दोन माणसं लागतात.